फुलवेडा विल्यम बार्ट्रम

थोरामोठ्यांची चरित्रे आपण शाळेपासून वाचत आलो आहोत. त्यांतल्या बहुतेकांचा साचा एकच असतो. लहानपणी गरिबी, मग अपार कष्ट आणि शेवटी यशाचे शिखर. वाचताना मन भारावून जाते. पण पुस्तक मिटल्यावर कधी कधी एक शंकाही डोकावते. ज्यांच्या कष्टांना यश आलेच नाही त्यांचे काय? चार लोकांत सांगता येईल असे ज्यांना काही साधले नाही, त्यांचे जगणे फुकट गेले असे म्हणायचे का?

अठराव्या शतकातील अमेरिकन वनस्पतिसंशोधक विल्यम बार्ट्रम याचे आयुष्य या शंकेला फार चांगले उत्तर देते. हा मनुष्य दुकानदारीत बुडाला, शेतीत बुडाला आणि कर्जापायी एकदा गावही सोडून गेला. वयाच्या तेहेतिसाव्या वर्षापर्यंत त्याने सुरू केलेला एकही धंदा टिकला नव्हता. त्याला मनापासून आवडत होत्या त्या दोनच गोष्टी : झाडापानांची ओळख करून घेणे आणि त्यांची चित्रे काढणे. या दोन्हींवर पोट भरत नाही, असे त्याच्या वडिलांचे मत होते आणि ते अगदीच खोटे नव्हते. तथापि आज पृथ्वीच्या पाठीवर फ्रँक्लिनिया नावाचे एक फुलझाड जिवंत आहे, ते या माणसाच्या त्या दोन आवडींमुळे.

फ्रँक्लिनिया हे आपल्या चहाच्या कुळातले झाड. धड झुडूपही नव्हे आणि धड वृक्षही नव्हे, असा त्याचा बांधा. बुंध्यापासूनच फांद्या फुटतात आणि साधारणपणे पंधरा-वीस फुटांपर्यंत ते वाढते. उन्हाळा सरत आला की त्याला पाच पाकळ्यांची पांढरीशुभ्र, सुवासिक फुले येतात. फुलाच्या मधोमध पिवळ्या केसरांचा दाट झुबका असतो. ज्यांनी नागचाफ्याचे फूल पाहिले आहे, त्यांना या फुलाची कल्पना करणे अवघड जाणार नाही. थंडी पडू लागली की त्याची पाने नारिंगी-तांबडी होतात. अमेरिकेच्या दक्षिण भागात जॉर्जिया नावाचे राज्य आहे. तिथल्या अल्टमाहा नदीच्या काठी, अवघ्या दोन-तीन एकरांच्या टापूत हे झाड उगवत असे. जगात अन्यत्र ते रानटी अवस्थेत कोणालाही आढळलेले नाही. आणि गेल्या दोनशे वर्षांत त्या नदीकाठीही ते कोणाला दिसलेले नाही.

या झाडाची आणि विल्यमची गाठ कशी पडली हे समजण्यासाठी आधी त्याच्या वडिलांकडे वळले पाहिजे.

जॉन बार्ट्रम याचा जन्म इ. स. १६९९ चा. त्या वेळी अमेरिका स्वतंत्र झालेली नव्हती. अटलांटिक महासागराच्या किनाऱ्याने इंग्रजांच्या वसाहती होत्या. त्यांपैकी पेनसिल्व्हेनिया वसाहतीत जॉनचे घराणे शेती करीत असे. हे लोक क्वेकर पंथाचे, साधे राहणारे आणि कष्टाळू. जॉनचे शालेय शिक्षण बेताचेच झाले. आई लहानपणीच वारली, पुढे वडीलही गेले. परंतु शेतात राबता राबता बांधावरच्या झाडाझुडपांविषयी त्याच्या मनात कुतूहल जागे झाले. पुस्तके मिळतील तशी वाचून, वनस्पतींची लॅटिन नावे समजावीत म्हणून त्या भाषेशी झटापट करून, हा शेतकरी स्वतःच्या हिमतीवर वनस्पतिशास्त्र शिकला. १७२८ साली त्याने फिलाडेल्फिया शहराजवळ स्कूलकिल नदीच्या काठी किंग्सेसिंग येथे जमीन घेतली, स्वतः दगडाचे घर बांधले आणि घराभोवती बाग लावली.

लंडनमध्ये पीटर कॉलिन्सन नावाचा एक कापडाचा व्यापारी होता. त्याला परदेशी झाडांचा भारी शौक. १७३० नंतरच्या काळात त्याची व जॉनची पत्रव्यवहारातून मैत्री जमली. जॉन रानोमाळ हिंडून बिया गोळा करी, पेट्यांत भरी आणि जहाजाने लंडनला धाडी. इंग्लंडातील उमराव पाच-पाच गिनी मोजून एकेक पेटी विकत घेत. जॉन आणि कॉलिन्सन यांची उभ्या आयुष्यात एकदाही भेट झाली नाही. तरीसुद्धा हा व्यवहार आणि ही मैत्री कॉलिन्सनच्या मृत्यूपर्यंत टिकली. १७४३ साली बेंजामिन फ्रँक्लिनच्या पुढाकाराने अमेरिकेत विद्वानांची सभा स्थापन झाली, तेव्हा तिच्या संस्थापकांत हा शेतकरीही होता. आणि १७६५ साली इंग्लंडच्या तिसऱ्या जॉर्ज राजाने त्याला राजाचा वनस्पतिशास्त्रज्ञ म्हणून वर्षाला पन्नास पौंडांचे वेतन बांधून दिले.

अशा बापाच्या पोटी १७३९ साली विल्यम जन्मला. घरात मुलांचे खटले मोठे होते. विल्यम आणि त्याची बहीण एलिझाबेथ ही जुळी भावंडे. जॉनला स्वतःला जे मिळाले नव्हते ते त्याने या मुलाला द्यायचे ठरवले आणि त्याला फिलाडेल्फियाच्या अकादमीत घातले. फ्रँक्लिनच्या खटपटीने निघालेली ही संस्था त्या वसाहतीत नावाजलेली होती. विल्यम तिथे चार वर्षे शिकला. सुटीत तो वडिलांबरोबर रानात जाई आणि चित्रे काढी. त्याची चित्रे इतकी हुबेहूब असत की ती लंडनला कॉलिन्सनकडे जात आणि तिथले जाणकार त्यांची तारीफ करीत.

परंतु मुलगा पंधरा-सोळा वर्षांचा झाला, तशी बापाला काळजी वाटू लागली. चित्रे आणि झाडे ठीक आहेत. पण त्यांवर संसार कसा चालणार? आपल्यापैकी ज्यांच्या घरातून कॉलेजची पायरी चढणारे आपणच पहिले आहोत, त्यांना ही काळजी समजावून सांगण्याची गरज नाही. बापाने कष्ट करून मुलाला शिकवावे आणि शिकलेल्या मुलाच्या हाताला काम काय, या प्रश्नाने त्याचीच झोप उडावी, हे किंग्सेसिंगला जसे होते तसेच आपल्या गावातही आहे. जॉनने कॉलिन्सनचा सल्ला विचारला, फ्रँक्लिनशी बोलणे केले. फ्रँक्लिन स्वतः मुद्रक. त्याने मुलाला छपाईचा धंदा शिकवण्याची तयारी दाखवली. वैद्यकीचाही विचार झाला. अखेर विल्यमला फिलाडेल्फियातील एका व्यापाऱ्याकडे उमेदवारीला ठेवण्यात आले.

उमेदवारी संपल्यावर १७६१ साली विल्यम दक्षिणेकडे नॉर्थ कॅरोलायनात केप फिअर नदीच्या काठी आपल्या चुलत्याकडे गेला व तिथे त्याने दुकान थाटले. मालाची ने-आण, उधारी, वसुली यांत त्याचे मन रमेना. नदीकाठच्या जंगलात मात्र ते रमे. दुकान चालले नाही ते नाहीच.

१७६५ साली जॉनला राजाचे वेतन मिळाले आणि नव्याने इंग्रजांकडे आलेल्या फ्लोरिडा प्रांताची पाहणी करण्याचे त्याने ठरवले. त्याचे वय तेव्हा सहासष्ट होते. सोबतीला त्याने विल्यमला घेतले. बापलेक घोड्यावरून कॅरोलायना आणि जॉर्जिया ओलांडून दक्षिणेकडे निघाले. १ ऑक्टोबर १७६५ रोजी ते अल्टमाहा नदीवरील फोर्ट बॅरिंग्टन या ठाण्याजवळ पोहोचले. तिथल्या ओलसर जमिनीत त्यांना काही अनोळखी झुडपे दिसली. आयुष्यभर अमेरिकेची राने तुडवलेल्या जॉननेही तसे झाड पूर्वी पाहिले नव्हते. पण शरद ऋतू पुढे सरकला होता, आणि झाडाचे कूळ ओळखायला फूल हाती लागावे लागते. ते कोणत्या जातीचे, याचा अंदाज दोघांनाही बांधता आला नाही. जॉनने रोजनिशीत नोंद केली आणि दोघे पुढे गेले. फ्रँक्लिनियाविषयीची ही पहिली नोंद होय.

फ्लोरिडा पाहून झाल्यावर विल्यमने तिथेच राहून शेती करायचा हट्ट धरला. वडिलांचे मन मानत नव्हते. तरी त्यांनी त्याला सेंट जॉन्स नदीकाठी मळा घालून दिला, अवजारे दिली आणि सहा गुलामही विकत घेऊन दिले. माणसांची खरेदी-विक्री त्या समाजात राजरोस चाले. झाडाच्या एका पानासाठी जीव टाकणाऱ्या या बापलेकांनाही त्या वेळी त्यात वावगे दिसले नाही, ही गोष्ट त्यांच्या चरित्रातून लपवता येत नाही. पुढे उतारवयात विल्यमने गुलामगिरीविरुद्ध कळकळीने लिहिले. पण त्या सहा माणसांच्या आयुष्याची भरपाई त्या लिखाणाने कशी होणार? त्यांचे पुढे काय झाले हे सांगणारी वही कोणी लिहिली नाही.

मळाही बुडाला. १७६६ च्या उन्हाळ्यात हेन्री लॉरेन्स नावाचा चार्ल्सटनचा व्यापारी तिकडून चालला होता. दलदलीच्या काठी, गळक्या झोपडीत, तापाने फणफणलेला आणि धड अन्न नसलेला विल्यम त्याला दिसला. त्याने ती हकीकत जॉनला कळवली. विल्यम रिकाम्या हातांनी परत आला. पुढची काही वर्षे त्याने मिळेल ते काम केले, पुन्हा व्यापार करून पाहिला. कर्ज वाढत गेले आणि १७७० साली देणेकऱ्यांच्या धाकाने तो कोणाला न सांगता पुन्हा केप फिअरला निघून गेला. घरची माणसे हताश झाली. वडिलांच्या मनातून तर तो जवळजवळ उतरलाच होता.

या पडत्या काळात त्याला चित्रांनी हात दिला. कॉलिन्सनने मरणापूर्वी त्याची चित्रे लंडनमधील डॉ. जॉन फॉदरगिल यांना दाखवली होती. फॉदरगिल हे नामांकित वैद्य, पंथाने क्वेकर आणि बागेचे मोठे षौकी. १७७२ साली त्यांनी विल्यमला वर्षाला पन्नास पौंड देण्याचे कबूल केले. दक्षिणेकडील रानात हिंडायचे, नवी झाडे शोधायची, बिया व वाळवलेले नमुने पाठवायचे आणि चित्रे काढायची. विल्यमला आयुष्यात प्रथमच त्याच्या आवडीचे काम मिळाले होते. मार्च १७७३ मध्ये तो फिलाडेल्फियाहून गलबतात बसून चार्ल्सटनकडे निघाला. तेव्हा तो चौतीस वर्षांचा होता आणि वडील चौऱ्याहत्तरीत होते.

त्यानंतरची चार वर्षे तो हिंडत राहिला. कधी घोड्यावरून, कधी पायी, तर कधी लहानशा होडीतून एकटाच. कॅरोलायना, जॉर्जिया, पूर्व आणि पश्चिम फ्लोरिडा, चेरोकी लोकांचे डोंगर आणि पश्चिमेला थेट मिसिसिपी नदीपर्यंत त्याने मजल मारली. सेंट जॉन्स नदीत एका संध्याकाळी सुसरींसारख्या अजस्र ॲलिगेटरांनी त्याची होडी घेरली. हातातल्या सोट्याने त्यांना झोडपीत त्याने कसाबसा किनारा गाठला. पश्चिमेकडे त्याला असा दुर्धर ताप आला की डोळ्यांवर कायमचा परिणाम झाला. ओकसारख्या पानांचे हायड्रँजिया आणि कितीतरी अन्य झाडे त्याने प्रथम जगाच्या नजरेस आणली.

त्या मुलखात सेमिनोल, क्रीक, चेरोकी अशा मूळच्या लोकांची वस्ती होती. गोऱ्या वसाहतवाल्यांच्या लेखी ते रानटी होते. विल्यम त्यांच्या गावांत राहिला, त्यांच्याबरोबर जेवला आणि ती आपल्यासारखीच माणसे आहेत, त्यांची स्वतःची नीती आहे, अशी त्याची खात्री पटली. अलाचुआच्या विस्तीर्ण गवताळ मैदानाजवळ सेमिनोलांचा एक मुखिया होता. इंग्रज त्याला काउकीपर म्हणत. त्याने विल्यमला त्या प्रदेशात मोकळेपणाने हिंडायची परवानगी दिली आणि त्याचे नावही ठेवले : पक पगी. त्यांच्या भाषेत याचा अर्थ फुले धुंडाळणारा. ज्या माणसाला स्वतःच्या गावात कामधंदा नसलेला म्हणून ओळखीत, त्याच्या खऱ्या कामाची ओळख त्या परक्या मुखियाला पटली होती.

या भटकंतीत विल्यम अल्टमाहाच्या काठी पुन्हा आला. पूर्वी वडिलांबरोबर पाहिलेले ते अनोळखी झुडूप तो विसरला नव्हता. १७७६ साली त्याला ते ऐन बहरात सापडले आणि नवल असे की फुलांच्या जोडीला त्यावर पिकलेली फळेही होती. याचे कारण असे की फ्रँक्लिनियाचे फळ पिकायला एक वर्षाहून अधिक काळ लागतो. गेल्या वर्षीच्या फुलांची फळे तयार होतात तेव्हा यंदाची फुले उमलत असतात. फुलावरून झाडाचे कूळ कळले आणि फळातून बी मिळाले. ही ओळखीच्या कुळातली, परंतु अगदी निराळी वनस्पती आहे, हे त्याच्या लक्षात आले. आणखी एक गोष्ट त्याने टिपून ठेवली. पेनसिल्व्हेनियापासून मिसिसिपीपर्यंतच्या सगळ्या प्रवासात हे झाड या दोन-तीन एकरांशिवाय त्याला कुठेच दिसले नव्हते. त्याने बिया बांधून घेतल्या.

इकडे देशात युद्ध पेटले होते. १७७५ साली वसाहतींनी इंग्लंडविरुद्ध शस्त्र उचलले आणि १७७६ च्या जुलैत स्वातंत्र्याचा जाहीरनामा निघाला. लंडनला पेट्या पाठवण्याचा मार्ग बंद झाला. त्याआधी पाठवलेले त्याचे कितीतरी नमुने व चित्रे लंडनला आजही जतन करून ठेवलेली आहेत. जानेवारी १७७७ मध्ये विल्यम किंग्सेसिंगच्या घरी परतला. पैसा म्हणून त्याने काहीच आणले नव्हते. होत्या त्या वह्या, चित्रे आणि बिया.

वडिलांची भेट झाली. पण सहवास फार काळ लाभला नाही. ११ सप्टेंबर १७७७ ला ब्रँडिवाइनच्या लढाईत वॉशिंग्टनच्या सैन्याचा पराभव झाला आणि इंग्रज फौजा फिलाडेल्फियाच्या रोखाने निघाल्या. आपली बाग आता तुडवली जाणार या चिंतेने म्हाताऱ्याने हाय खाल्ली, असे त्या घराण्यात सांगत असत. २२ सप्टेंबरला जॉन बार्ट्रम वारला. चार दिवसांनी इंग्रज शहरात शिरले. बाग मात्र वाचली.

अल्टमाहाच्या बियांची रोपे त्या बागेत वाढत होती. १७८१ च्या सुमारास त्यांना पहिले फूल आले. जॉनने सोळा वर्षांपूर्वी पाहिलेले ते झाड, पण त्याचे फूल त्याच्या नशिबात नव्हते. विल्यमने झाडाला वडिलांचे परममित्र बेंजामिन फ्रँक्लिन यांचे नाव द्यायचे ठरवले. हंफ्री मार्शल या नात्यातल्याच वनस्पतिशास्त्रज्ञाने १७८५ साली आपल्या ग्रंथात फ्रँक्लिनिया अलटमाहा या नावाने ते प्रसिद्ध केले. नावाच्या पहिल्या अर्ध्यात माणूस आणि दुसऱ्या अर्ध्यात नदी, असे हे नाव आहे.

यापुढे विल्यमने मोठा प्रवास केला नाही. बाग धाकट्या भावाच्या नावावर होती. विल्यम तिथे राहून खुरपणी, पेरणी, बिया वेचणे ही कामे करी. त्याने लग्न केले नाही. १७८२ साली पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाने त्याला वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापकपद देऊ केले. प्रकृतीमुळे त्याने ते नाकारले. १७८६ साली बिया काढायला तो उंच झाडावर चढला होता, तेव्हा खाली पडून त्याचा पाय मोडला. बागेत मोठमोठी माणसे येत. १७८७ साली देशाची राज्यघटना बनवणारे प्रतिनिधी फिलाडेल्फियात जमले होते, त्यांच्यातील कित्येकांनी ही बाग पाहिली. चिखलाने माखलेला हा अनवाणी माळी कोण, असा प्रश्न पाहुण्यांना पडावा, इतका तो साधा राही.

१७९१ साली त्याच्या प्रवासाचे पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यात झाडे, पक्षी, नद्या, मूळ रहिवाशांचे आचारविचार असे सगळेच आहे. पक्ष्यांची तर दोनशेहून अधिक जातींची यादी आहे. स्वदेशात या पुस्तकाचे स्वागत थंडेच झाले. पण युरोपात ते लंडन, डब्लिन, बर्लिन, पॅरिस असे हातोहात पसरले. इंग्रजी विषय घेतलेल्या मित्रांना हे वाचून आश्चर्य वाटेल की कोलरिजच्या कुब्ला खान या कवितेतील उसळत्या झऱ्याचे मूळ, फ्लोरिडातील झऱ्यांच्या बार्ट्रमकृत वर्णनात आहे, असे अभ्यासकांनी दाखवून दिले आहे. वर्ड्स्वर्थनेही या पुस्तकातून बरेच काही उचलले. इंग्लंडातील कवींना अमेरिकेच्या रानाचे दर्शन घडवणारा हा गृहस्थ त्या वेळी स्कूलकिलच्या काठी वाफ्यांना पाणी घालीत होता.

शिकवण्याची खुर्ची त्याने नाकारली खरी. शिकवणे मात्र सोडले नाही. १८०२ साली स्कॉटलंडहून आलेला अलेक्झांडर विल्सन हा मूळचा विणकर बागेजवळच्या शाळेत मास्तर म्हणून आला. विल्यमने त्याला पुस्तके दिली, पक्षी ओळखायला शिकवले, चित्रे काढायला उत्तेजन दिले. याच विल्सनने पुढे अमेरिकेतील पक्ष्यांवरचा नऊ खंडांचा ग्रंथ सिद्ध केला. अमेरिकेतील वनस्पतिशास्त्राचे पहिले पाठ्यपुस्तक १८०३ साली बेंजामिन बार्टन याने लिहिले. त्यातील बरीच चित्रे विल्यमची आहेत.

याच १८०३ साली तिकडे अल्टमाहाच्या काठी एक गोष्ट घडली. जॉन लायन नावाचा रोपे गोळा करणारा स्कॉटिश गृहस्थ तिथे गेला होता. त्याला फ्रँक्लिनियाची जेमतेम सहा-आठ मोठी झाडे अर्ध्या एकरात उभी दिसली. रानातल्या फ्रँक्लिनियाचे हे शेवटचे खात्रीलायक दर्शन. त्यानंतर एकोणिसाव्या आणि विसाव्या शतकात कितीतरी संशोधकांनी तो सगळा काठ पिंजून काढला. झाड मिळाले नाही. कोणी म्हणतात, कापसाच्या शेतीतून आलेल्या बुरशीने मुळे कुजली. कोणी पुराला, कोणी वणव्याला, तर कोणी रोपे उपटून नेणाऱ्यांना दोष देतात. हवामान बदलत गेले आणि उत्तरेकडचे हे झाड दक्षिणेच्या त्या कोपऱ्यात अडकून पडले होते, असाही एक तर्क आहे. कारण कोणतेही असो, एवढ्याशा जागेत जगणाऱ्या वनस्पतीला एखादे संकटही पुरेसे होते. आज आंतरराष्ट्रीय याद्यांत फ्रँक्लिनियाची नोंद रानातून नष्ट झालेली वनस्पती अशी आहे.

मात्र बागांतून ते जगले. किंग्सेसिंगच्या बागेतून त्याची रोपे आणि बिया इतर बागांत गेल्या, तिथून आणखी दूर गेल्या. जॉनच्या जन्माला तीनशे वर्षे झाली त्या निमित्ताने १९९८ ते २००० या काळात त्या बागेच्या व्यवस्थापकांनी फ्रँक्लिनियाची गणना केली. तेव्हा देशोदेशी मिळून दोन हजारांहून अधिक झाडांची नोंद झाली. ही सगळी झाडे विल्यमने आणलेल्या बियांचाच वंशविस्तार आहे, असे मानले जाते. ज्या बियांना बाजारात काही किंमत नव्हती आणि ज्या युद्धाच्या धामधुमीत एका कर्जबाजारी माणसाने जपून आणल्या, त्या बियांचा.

विल्यम बार्ट्रम २२ जुलै १८२३ रोजी, वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी त्याच बागेत वारला. एका झाडाचे वर्णन लिहून त्याने लेखणी खाली ठेवली आणि तो फिरायला बाहेर पडला, तोच त्याचे प्राण गेले असे सांगतात. १८९१ पासून ती बाग फिलाडेल्फिया शहराच्या मालकीची असून सर्वांसाठी खुली आहे. वडिलांनी बांधलेले दगडी घरही तिथे उभे आहे.

मित्रहो, या चरित्रातून अपयश हे चांगले असते असा अर्थ काढू नये. कर्ज हे कर्जच असते आणि मुलाच्या काळजीने झुरणारा बाप काही चूक करीत नसतो. जॉन बार्ट्रमने मुलाला दुकानात बसवले ते त्याच्या भल्यासाठीच. आणि फॉदरगिलसारखा कदर करणारा भेटला नसता तर विल्यमच्या बियाही नसत्या आणि वह्याही नसत्या, हेही विसरता येत नाही. गुणाला गिऱ्हाईक लागते. पण एक गोष्ट मात्र मनावर ठसते. फ्रँक्लिनिया रानात टिकून राहायला पंचवीस-तीस वर्षेच उरली होती, हे त्या वेळी कोणालाही ठाऊक नव्हते; विल्यमलाही नव्हते. त्याने झाड वाचवायचे म्हणून बी आणले नाही. झाड सुंदर होते, अनोळखी होते आणि ते नीट ओळखल्यावाचून त्याला चैन पडत नव्हते, म्हणून आणले. उपयोग काय, हा प्रश्न विचारीत तो बसला असता तर तो हंगाम निघून गेला असता.

आपण कला शाखेत शिकणारे विद्यार्थी. कविता, इतिहास, तत्त्वज्ञान यांचा उपयोग काय, असे आपल्याला घरीदारी विचारतात आणि विचारणाऱ्यांचा हेतू वाईट नसतो. पोटाचा उद्योग आपल्याला शोधावाच लागेल. पण तो शोधीत असताना ज्या गोष्टीवर आपले खरे प्रेम आहे, तिची चार बीजे खिशात बांधून ठेवायला काय हरकत आहे? त्यांतले कोणते बी कधी, कोणाच्या कामी येईल हे पेरणाऱ्याला कळत नाही. जॉन बार्ट्रमला ते झाड दिसले, फूल दिसले नाही. विल्यमला फूल दिसले. पण त्या झाडाचा सगळा वंश एक दिवस आपल्याच बागेतल्या रोपांवर येऊन टेकणार आहे, याची कल्पना त्यालाही नव्हती. आज उन्हाळा सरत आला की कुठल्या कुठल्या देशांतल्या बागांत त्या दोघांनाही न पाहिलेली माणसे ती पांढरी फुले पाहत उभी राहतात.